गाव दाखवणे हाही धंदा आहे

बाहेरगावचा व्यापारी आपल्या पेढीवर येतो. माल पाहून होतो, भाव ठरतो, जुनी बाकी निघते, चहा होतो. परतीच्या गाडीला अजून तीन तास असतात. मग तो सहज विचारतो, "शेठ, तुमच्या गावात पाहण्यासारखे काय आहे?" बारामती आणि इंदापूरच्या पेठेत कापड विकण्यात आमचे आयुष्य गेले, पण या साध्या प्रश्नाला आमच्याजवळ उत्तर नसे. "काही नाही हो, साधे तालुक्याचे गाव आहे," असे म्हणून आम्ही पाहुण्याला हॉटेलात नेत असू आणि जेवू घालून गाडीत बसवून देत असू. आपल्या दुकानात गिऱ्हाईक यावे आणि आपण "माल नाही" म्हणावे, तसाच हा प्रकार होता. फरक इतकाच की माल कोठारात भरलेला होता आणि आम्हालाच ठाऊक नव्हता.

हे आमच्या ध्यानात आले ते परदेशात. दोन वर्षांपूर्वी चार व्यापारी मित्रांबरोबर आम्ही व्हिएतनामला जाऊन आलो. तयार कपडे निर्यात करणाऱ्या मोठ्या देशांत आज त्या देशाची गणना होते. तो धंदा पाहावा हा हेतू होता. कारखाने पाहून झाल्यावर एक दिवस मोकळा मिळाला, म्हणून दा नांग शहरापासून तासाभराच्या आत असलेल्या होई आन या जुन्या गावी गेलो. तीन तासांसाठी एक गाईड घेतली. बावीस-तेवीस वर्षांची मुलगी होती. आम्हा पाच जणांशिवाय तिच्याबरोबर कोणी नव्हते. किती वेळ, किती ठिकाणे आणि किती पैसे, हे तिने निघण्याआधीच सांगितले.

तिने सुरुवात राजापासून केली नाही, व्यापाऱ्यापासून केली. थू बोन नदीच्या काठचे हे बंदर. चीन आणि जपानची जहाजे एका वाऱ्यावर येत आणि उलटा वारा सुटेपर्यंत त्यांना महिनोन् महिने मुक्काम करावा लागे. म्हणून वखारी झाल्या, घरे झाली, जातवार बैठकीच्या इमारती झाल्या. रेशीम, चिनी मातीची भांडी आणि मसाले यांचा इथे सौदा होई. जुन्या व्यापाऱ्याचे एक घर तिने दाखवले. पुढे दुकान, मध्ये राहते घर आणि मागचे दार नदीकडे, म्हणजे नावेतून माल थेट घरात यावा. भिंतीवर पुराच्या पाण्याच्या खुणा वर्षासकट केलेल्या होत्या. आपल्या जुन्या पेठेतली घरे याहून वेगळी होती काय? आमच्या आजोबांचे दुकानही पुढेच होते आणि चूल मागे होती.

पुढे नदी गाळाने भरली, मोठी जहाजे दा नांगला जाऊ लागली आणि गावाचा धंदा बसला. नवे बांधायला पैसा राहिला नाही, म्हणून जुनी घरे टिकली. १९९९ साली युनेस्कोने या गावाला जागतिक वारशाच्या यादीत घेतले. जुन्या वस्तीत शिरायला आम्ही गेलो तेव्हा परदेशी माणसास एक लाख वीस हजार डोंग, म्हणजे आपले सुमारे चारशे रुपये तिकीट होते. तिथला जुना जपानी पूल त्यांच्या वीस हजारांच्या नोटेवर छापलेला आहे. जे गाव बुडाले म्हणून सोडून द्यायचे, तेच आज शिंपी, कंदील करणारे, सुतार, नावाडी आणि खानावळवाले यांना पोसते. सकाळी माप दिले की संध्याकाळी किंवा दुसऱ्या दिवशी कपडा शिवून मिळतो, अशी तिथल्या शिंप्यांची ख्याती आहे. तिथून जवळच मी सन येथे चाम राजांनी बांधलेली शिवाची जुनी देवळे आहेत, आणि त्या चाम लोकांपैकी बरेच जण आज मुसलमान आहेत, हेही त्या मुलीने सांगितले. आम्हाला हे माहीत नव्हते.

पण आम्हाला खरे चकित केले ते दुसऱ्याच गोष्टीने. शिंप्यांच्या गल्लीच्या तोंडाशी ती थांबली आणि म्हणाली, "कपडे शिवायचे असतील तर ही सगळी दुकाने आहेत. मी कोणत्याही एका दुकानात नेणार नाही. मला तुमच्याकडून पैसे मिळालेले आहेत." आम्ही पाचही जण व्यापारी. एकमेकांच्या तोंडाकडे पाहू लागलो.

याचे कारण सांगितले पाहिजे. पंचवीस वर्षांपूर्वी लग्नसराईत आम्हीही जीपवाल्यांना पैसे देत होतो. बस्ता बांधायला निघालेली मंडळी आमच्या दुकानी आणली की बिलावर शेकडा पाच. ते पाच टक्के आम्ही खिशातून देत नव्हतो, गिऱ्हाइकाच्याच भावात घालत होतो. इंदापूरकडच्या एका शेतकऱ्याने मुलीचा बस्ता आमच्याकडे बांधला. त्याच वाणाचे लुगडे शेजारच्या दुकानात कमी भावात आहे, हे त्याला दुसऱ्या दिवशी कळले. तो भांडायला आला नाही. तो पुन्हा कधी आलाच नाही, आणि त्याच्या गावचे कोणीच आले नाही. पाच टक्क्यांत आम्ही एक अख्खे गाव गमावले. त्या दलालीला आम्ही तेव्हा धंद्याची रीत म्हणत होतो. आता तिला रीत म्हणायला जीभ रेटत नाही.

घरी परतल्यावर आम्ही आपल्या दोन गावांकडे त्या मुलीच्या नजरेने पाहिले. पहिले इंदापूर घ्या. इंदापूरची गढी म्हणजे शिवाजी महाराजांचे आजोबा मालोजीराजे भोसले यांची गढी. इंदापूरच्या लढाईतच ते कामी आले. आमचे शिक्षण उर्दू शाळेत झाले. चौथीच्या इतिहासात मालोजीराजांचे नाव आम्ही उर्दूतून पाठ केले. परंतु ते इंदापूर म्हणजे आपण बाजाराला जातो तेच इंदापूर, हे आम्हाला कोणी सांगितले नाही आणि आम्हीही विचारले नाही. गढीच्या जवळच हजरत चाँदशाहवली यांचा दर्गा आहे आणि तिथे दोन्ही समाजांची माणसे जातात. मालोजीराजांनी आपल्या मुलांची नावे शहाजी आणि शरीफजी ठेवली. अहमदनगरच्या, म्हणजे आजच्या अहिल्यानगरच्या, शाह शरीफ या पिराच्या नावावरून ती ठेवली असे परंपरा सांगते. एका गढीच्या पायथ्याशी उभे राहून इतके सांगता येते.

बारामतीला या. कऱ्हेच्या काठी बाबूजी नाईकांचा वाडा आहे. कविवर्य मोरोपंत (१७२९ ते १७९४) नाईकांच्याच आश्रयाने इथे राहिले. त्यांच्या आधी श्रीधरस्वामींनी १७१८ साली 'शिवलीलामृत' इथेच पुरे केले. दोन्ही गावांतून आषाढीला तुकाराम महाराजांची पालखी जाते. मधल्या काटेवाडीला परीट मंडळी पालखीच्या वाटेवर धोतरांच्या पायघड्या घालतात. धोतरे विकणाऱ्या आपल्यापैकी किती जणांनी हे उभे राहून पाहिले आहे?

"पण हे बघायला येणार कोण?" असे काही बंधू विचारतील. त्यांनी भिगवणला जाऊन यावे. १९८० साली उजनी धरण पुरे झाले आणि भीमाकाठची कितीतरी गावे, शेते पाण्याखाली गेली. लोकांचे संसार उठले. त्या पसरलेल्या पाण्यावर हिवाळ्यात रोहित पक्षी उतरू लागले. कुंभारगाव आणि डिकसळच्या मच्छीमारांनी आपल्याच होड्यांतून पुण्या-मुंबईच्या लोकांना पक्षी दाखवायला सुरुवात केली. आज हा त्यांचा हंगामी धंदा आहे. होडी तीच, पाणी तेच. त्यांनी फक्त माशाबरोबर माहितीही विकायला काढली. पळसदेवचे जुने पळसनाथाचे मंदिर धरणात गेले. उन्हाळ्यात पाणी उतरले की ते वर येते आणि पाहणाऱ्यांची रीघ लागते. पाण्यात बुडालेले देऊळ गिऱ्हाईक आणते, मग उजळ माथ्याने उभी असलेली गढी का आणणार नाही?

आता हिशेब मांडू. समजा, आपल्यातल्या एखाद्या शिकलेल्या मुलाने किंवा मुलीने दोन तासांची फेरी ठरवली. चार-पाच माणसांचा एक गट आणि गटाचे हजार रुपये. शनिवार-रविवार मिळून चार फेऱ्या झाल्या तर आठवड्याला चार हजार. भांडवल काय? पायात चपला, डोक्यात माहिती आणि तोंडात साखर. दुकान भाड्याने घ्यायला नको, माल उधारीवर उचलायला नको. पाहुणे दोन तास गावात रेंगाळले की चहा पितात, जेवतात, एखादी घोंगडी किंवा टोपी घेऊन जातात. आपली मुले पदवी घेऊन नोकरीच्या अर्जांवर वर्षे घालवतात. त्यांच्यापुढे ठेवण्यासारखी ही एक वाट आहे. उर्दू शिकलेल्या मुलाला तर एक जास्तीची सोय आहे. जुन्या फारसी लेखातली अक्षरे तो ओळखू शकतो. अर्थासाठी मात्र त्याने जाणकाराकडेच गेले पाहिजे, मनाने जुळवू नये.

हा धंदा करायचा तर तीन गोष्टी पक्क्या हव्यात. पहिली गोष्ट मापाची. कागदात जे आहे ते "इतिहास" म्हणून सांगावे आणि लोकांच्या तोंडी जे आहे ते "लोक सांगतात" म्हणून सांगावे. दोन्हींची भेसळ म्हणजे सुती ताग्यात टेरिकॉट मिसळून सुती म्हणून विकणे. ही बाब किरकोळ नाही. गढी आणि दर्गा शेजारी-शेजारी आहेत. त्यांची हकीगत आपण नीट, पुराव्याने आणि गोडीने सांगितली नाही, तर कोणीतरी तिसरा येऊन ती तिखटमीठ लावून सांगेल. त्याचे मोल आपल्या दोन्ही समाजांच्या पेठेला चुकवावे लागेल. बाजार बंद पडतो तेव्हा कुलूप सर्वांच्याच दुकानाला लागते.

दुसरी गोष्ट भावाची. दर आधी सांगावा आणि दुकानदाराकडून एक पैसाही घेऊ नये. आम्हा दुकानदारांनीही तो देऊ करू नये. कोणी पाहुणा आणला तर त्याला चहा जरूर पाजावा, टक्केवारी नको. आम्ही हे उपदेशासाठी सांगत नाही. चटका बसल्यावर सांगत आहोत.

तिसरी गोष्ट जिवाची. २१ मे २०२४ रोजी कुगावहून कळाशीकडे येणारी प्रवासी होडी उजनीच्या पाण्यात वादळी वाऱ्याने उलटली आणि सहा जण बुडून मेले. ती सहलीची होडी नव्हती, रोजच्या ये-जा करणाऱ्यांची होती. पण पाणी काही सहलीचे आणि कामाचे असा भेद करत नाही. पाहुण्याला होडीत बसवायचे तर जीवरक्षक जाकीट अंगात घालूनच, आणि वारा सुटला तर पैसे परत. तो परत केलेला पैसा वाया जात नाही, गावाची पत म्हणून जमा राहतो.

आपल्या पेठेत एक खोड आहे. परक्या गावचे काही असले की आपण पैसे मोजून पाहतो. आपल्या गावचे असले की "त्यात काय पाहायचे?" व्हिएतनाममध्ये आम्ही पाच जणांनी एका मुलीला तीन तासांचे पैसे आनंदाने मोजले. तेच इथे एखाद्या पोराने गढी दाखवून पैसे मागितले असते तर आम्हीच म्हटले असते, "नुसते बोलण्याचे कसले पैसे?" शिंप्याला आपण कापडाचे नव्हे, शिलाईचे पैसे देतो. सांगणाऱ्याने दहा पुस्तके वाचून, म्हाताऱ्यांना विचारून, चूक-बरोबर निवडून जे दोन तासांत मांडले, ती त्याची शिलाई आहे. हुनराला दाम न देणाऱ्या पेठेत हुनर टिकत नाही.

म्हणून आम्ही स्वतःपुरते ठरवले आहे. यापुढे आमच्या पेढीवर बाहेरगावचा व्यापारी आला आणि त्याच्याजवळ दोन तास असले, तर त्याला हॉटेलात बसवून ठेवायचे नाही. ओळखीतल्या एका शिकलेल्या मुलाला आम्ही या कामाला तयार केले आहे. तो पाहुण्याला नाईकांचा वाडा आणि कऱ्हेचा काठ दाखवील, इंदापूरला जायचे असेल तर गढी आणि दर्गा दाखवील. त्याची मजुरी आमच्या खात्यातून जाईल. पहिली फेरी मात्र आम्ही पाहुण्याला दिली नाही. दुकान बंद असते त्या दिवशी आमच्याच नातवंडांना घेऊन आम्ही त्या मुलाच्या मागे चाललो आणि शेवटी त्याच्या हातावर ठरलेले पैसे ठेवले. तो घेईना. आम्ही म्हटले, "घे. फुकट दिलेल्या मालाला गिऱ्हाईक किंमत देत नाही."

बारामती-इंदापूरच्या इतर पेढ्यांनीही असा एकेक मुलगा किंवा मुलगी हाताशी धरावी, एवढेच आमचे सांगणे आहे.