दागिन्यांचा सोस नेमका कुणाचा?

आपल्या चित्रपटांत दागिन्यांची एक ठरलेली भाषा असते. हिऱ्यामोत्यांनी मढलेली बाई गर्विष्ठ, गरिबाला हिणवणारी. गळ्यात नुसते मंगळसूत्र असलेली सोशिक, म्हणून चांगली. आणि या चांगल्या बाईची परीक्षा कोणती? घर अडचणीत आले की तिने पाटल्या-बांगड्या उतरवून नवऱ्याच्या हातावर ठेवायच्या. प्रेक्षक गहिवरतात. ते सोने मुळात कुणाचे, हे कुणी विचारत नाही.

‘मदर इंडिया’त (१९५७) राधाचे कंगन सावकार सुखीलालाकडे गहाण पडतात. कर्जापायी शेतकरी बाईचे सोने कसे जाते, हे तिथे प्रामाणिकपणे दिसते. ‘साहिब बीबी और गुलाम’मधल्या (१९६२) जमीनदाराच्या धाकट्या सुनेला दागिन्यांची वाण नाही. नवरा रात्री कोठीवर जातो. बायकोने दागिन्यांत मन रमवावे, ही त्याची अपेक्षा. शेवटी पडक्या हवेलीत तिचा सांगाडा सापडतो, तो ओळखू येतो हातातल्या कंगनावरून. मग हा सोस तिचा, की तिच्या अंगावर आपली ऐपत मिरवणाऱ्या घराण्याचा?

इथे उपनगरांत अंधेरीच्या सीप्झमध्ये निर्यातीचे दागिने घडतात, मालाडच्या वस्त्यांत बायका नगावर मजुरी घेऊन खोटे दागिने ओवतात. गोरेगावच्या चित्रनगरीतल्या कॅमेऱ्याला दागिने दिसतात, हे हात दिसत नाहीत.

आमच्या सल्ला केंद्रात येणारी बाई बहुधा नेसत्या वस्त्रानिशी घर सोडून आलेली असते. दागिने सासूच्या कपाटात. मागायला गेली, की “सोन्याची हाव सुटली आहे” हा शेरा ठरलेला. पडद्याने शिकवलेली भाषा ती हीच!

सोन्याची हौस निर्दोष आहे असे मुळीच नाही. हुंडा याच वाटेने घरात शिरतो. पण जिच्या नावावर घर नाही, जमीन नाही, तिची मिळकत बहुतेकदा तेवढीच असते. स्त्रीधनाची मालकी पत्नीचीच, ते सांभाळायला घेऊन बळकावणे हा फौजदारी विश्वासघात ठरू शकतो, असे सर्वोच्च न्यायालयाने प्रतिभा राणी खटल्यात १९८५ सालीच सांगितले आहे.

तेव्हा मैत्रिणींनो, मुलींना दागिन्यांचा मोह नको हे जरूर सांगू या. पण लग्नात मिळालेल्या वस्तूंची यादी करा, पावत्या स्वतःजवळ ठेवा, हेही त्याच दमात सांगू या. आपले ते मागणे म्हणजे हाव नव्हे.