रुग्णाच्या हातातला कॅमेरा

दीर्घ आजारातले सर्वांत वाईट दिवस डॉक्टरांपर्यंत पोचतच नाहीत. नवी मुंबईतल्या कामोठ्याच्या एमजीएमसारख्या मोठ्या रुग्णालयात जायचे, केसपेपर काढायचा, रांगेत थांबायचे, एवढे ज्याला जमले त्याचा तो दिवस त्यातल्या त्यात बराच म्हणायचा. अंथरुणातून उठवत नाही, तो दिवस घरातच मावळतो. मग तपासण्यांत काही सापडले नाही, की ‘रिपोर्ट नॉर्मल आहेत, फार विचार करू नका’ असा सल्ला मिळतो. घरचेही त्याला मान डोलावतात.

हार्वर्ड विद्यापीठात पीएचडी करणाऱ्या जेनिफर ब्रेया यांचा अनुभव असाच होता. २०११मध्ये त्यांना जोराचा ताप आला आणि त्यानंतर प्रकृती ढासळतच गेली. मेंदूविकारतज्ज्ञांनी निदान केले ‘कन्व्हर्जन डिसऑर्डर’चे, म्हणजे पूर्वी ज्याला हिस्टेरिया म्हणत त्याचे. प्रत्यक्षात त्यांना मायाल्जिक एन्सेफलोमायलायटिस, अर्थात क्रॉनिक फटीग सिंड्रोम होता. या आजारात जरासे श्रम झाले तरी माणूस कोसळतो. कधी लगेच, कधी दुसऱ्या दिवशी. झोपेने थकवा उतरत नाही आणि नेहमीच्या रक्ततपासणीत काही दिसत नाही. ब्रेया यांनी मग कॅमेरा स्वतःकडेच वळवला. त्यातून ‘अनरेस्ट’ हा माहितीपट उभा राहिला. त्याचे बरेचसे दिग्दर्शन त्यांनी अंथरुणातून केले. दूरदेशीच्या रुग्णांच्या मुलाखती स्काइपवरून घेतल्या. २०१७च्या सनडान्स महोत्सवात संकलनासाठी त्याला परीक्षकांचे विशेष पारितोषिक मिळाले.

या आजाराबद्दलचा अविश्वास जुना आहे. लंडनच्या रॉयल फ्री रुग्णालयात १९५५मध्ये त्याच्याशी मिळतीजुळती साथ आली होती. पंधरा वर्षांनी दोन मनोविकारतज्ज्ञांनी केवळ कागदपत्रे चाळून तिला सामूहिक हिस्टेरिया ठरवले. आजारी पडलेल्यांत बायका जास्त होत्या, हेही त्यांचे एक कारण! श्रमांनी कोसळणाऱ्या या रुग्णांना सांगितला जाणारा ‘रोज थोडा थोडा व्यायाम वाढवा’ हा उपचार ब्रिटनच्या ‘नाइस’ या संस्थेने आपल्या मार्गदर्शक सूचनांतून काढला तो थेट २०२१मध्ये. त्याचे श्रेय एकट्या माहितीपटाला देता येणार नाही. रुग्णसंघटना कितीतरी आधीपासून झगडत होत्या. पण आपला आजार खोटा नाही, हे घरच्यांना दाखवायला रुग्णांच्या हाती काहीतरी आले.

मराठी चित्रपटाला हा विषय परका नाही. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांच्या ‘देवराई’मागे डॉ. जगन्नाथ वाणी उभे राहिले, ते पत्नीचा स्किझोफ्रेनिया वर्षानुवर्षे जवळून पाहिल्यामुळे. ‘नितळ’मागे पुण्याच्या डॉ. माया तुळपुळे होत्या, स्वतः कोड असलेल्या. मात्र दोन्ही कथापट होते आणि कॅमेरा सराईत दिग्दर्शकांच्या हाती होता. रुग्णाने स्वतः केलेले चित्रण आपल्याकडे अजून विरळाच.

अशा चित्रणाच्या मर्यादाही ध्यानात ठेवायला हव्यात. मान आणि मज्जारज्जूच्या शस्त्रक्रियांनंतर आपली लक्षणे ओसरल्याचे ब्रेया यांनी २०१९मध्ये जाहीर केले. आनंदाचीच बातमी, पण म्हणून त्या शस्त्रक्रिया सर्व रुग्णांना लागू पडतील, असे नाही. आजार कसा भोगावा लागतो, हे माहितीपट सांगू शकतो. औषध कोणते घ्यावे, हे त्यावरून ठरवू नये.

एमबीबीएसच्या अभ्यासक्रमात २०१९पासून वृत्ती, नैतिकता आणि संवाद यांचे पाठ आले आहेत. त्यांतले काही तास रुग्णांनी केलेल्या चित्रणाला द्यावेत, त्यानंतर एखाद्या रुग्णाला वर्गात बोलवावे आणि भावी डॉक्टरांनी नुसते ऐकावे. कामोठ्यात वैद्यकीय महाविद्यालय आहे, शेजारी खारघरला टाटांचे कर्करोग केंद्र आहे, उपचारांसाठी या भागात खोल्या घेऊन राहणारी कुटुंबेही आहेत. सुरुवात इथून करायला मोठ्या खर्चाचीही गरज नाही. तोवर दीर्घ आजाराच्या रुग्णांनी पुढच्या तपासणीला जाताना एखाद्या वाईट दिवसाचे दोन मिनिटांचे चित्रण फोनमध्ये घेऊन जावे, आणि डॉक्टरांनी ते पाहायला वेळ काढावा.