चावडरमधला मैदा

भांडण मैद्यावरून झालं. भांडणाची जागा मॅसॅच्युसेट्समधलं माझ्या मुलाचं स्वयंपाकघर आणि निमित्त क्लॅम चावडर. क्लॅम म्हणजे आपल्या तिसऱ्यांचे भाऊबंद. चावडरला लागतो तो जाड कवचाचा 'कोहॉग'. (उच्चार मला अजून नीट जमत नाही, सूनबाई हसते.)

ओळखीची चार मराठी माणसं जेवायला यायची होती. सूनबाई तिकडचीच, चावडर करते ते तिच्या आजीच्या पद्धतीने, पातळसर. आणि पाहुणे यायच्या अर्धा तास आधी बघते तर ही मैद्याचा डबा घेऊन उभी! "आई, मागच्या वेळी सगळे पातळ म्हणाले," मोडक्या मराठीत सांगू लागली. मी डबा काढून घेतला आणि परत फडताळात ठेवला.

चमचा उभा राहील इतकं दाट तेच खरं, हे ठरवलं कोणी? हॉटेलांनी. त्यांचं मी समजू शकते. त्यांना मोठं पातेलं तासन् तास गरम ठेवायचं असतं. पीठ घातलं की दूध सहजी फाटत नाही. शिवाय थोडक्या क्लॅममध्ये वाडगा भरल्यासारखा दिसतो. पण घरी चार माणसांसाठी करताना ही लबाडी कशाला? क्रीमी म्हणजे सायीसारखं मऊ. खळीसारखं चिकट नव्हे. खळ पतंग चिकटवायला करतात! छत्तीस वर्षं मुलांना निबंधात पाणी घालू नका म्हणून ओरडले, आता म्हातारपणी पीठ घालू नका म्हणून ओरडते आहे.

मुलगा म्हणाला, "अगं, जुन्या चावडरमध्येसुद्धा बिस्किटं असायची." बरोबर आहे त्याचं. बोस्टनच्या एका वर्तमानपत्रात १७५१ साली चावडरची कृती चक्क पद्यात छापून आली होती. तीत कांदा, डुकराचं मांस, मासे आणि बिस्किटं यांचे थर आहेत. दूध नाही, बटाटा नाही. मेलव्हिलच्या १८५१ च्या 'मोबी डिक'मध्ये चावडरवर आख्खं प्रकरण आहे. तिथेही क्लॅम, कुटलेलं जहाजी बिस्किट, खारवलेलं डुकराचं मांस, लोणी, मिरी, मीठ. (त्या खाणावळीतली गाय माशांचे उरलेसुरले तुकडे खाते म्हणून तिच्या दुधालाही माशाचा वास! हे वाचून मी एकटीच हसत बसले होते.) पण बिस्किट हे दर्यावर्दी माणसाचं अन्न होतं, पोट भरायला घातलेलं. क्लॅमची चव झाकायला नव्हे. टोमॅटो घालणाऱ्यांविरुद्ध मेन राज्याच्या एका आमदाराने १९३९ साली विधेयक आणलं होतं म्हणे. मी आमदार असते तर मैद्याविरुद्ध आणलं असतं.

खरी गोष्ट आहे पाण्याची. आमच्या देवगडकडे तिसऱ्या विळीवर उघडताना खाली भांडं धरतात, ते काय उगाच? सगळा समुद्र त्या पाण्यात असतो. चावडरचंही तेच. कोहॉग मिठाच्या पाण्यात ठेवून वाळू काढायची. उघडा राहिलेला, टकटक केलं तरी न मिटणारा फेकायचा. बाकीचे थोड्या पाण्यात झाकण ठेवून वाफवायचे, आणि जो उघडणार नाही तोही फेकायचा. उरलेलं पाणी फडक्यातून गाळायचं, तळाचा गाळ सोडून द्यायचा. याच पाण्यात बटाटे शिजवायचे. कांदा लोण्यात मऊ करायचा (मूळ कृतीत डुकराची चरबी, मी खात नाही म्हणून सूनबाई माझ्यासाठी लोणी घेते, कुरकुर न करता). दाटपणा हवा ना? मग दोनचार बटाट्याच्या फोडी पातेल्याच्या कडेला चेपा. बटाट्यात पिष्ट असतं, तेवढं पुरतं. क्लॅम बारीक चिरून शेवटी घालायचे, फार शिजले तर रबर होतात. मग गरम दूध आणि थोडं क्रीम, आच अगदी मंद. उकळी आली की संपलं, दूध फाटलंच. मीठ आधी घालूच नका, त्या पाण्यात भरपूर असतं.

पाहुणे आले. पहिल्याच चमच्याला एक गृहस्थ म्हणाले, "वहिनी, छान आहे हो, पण जरा पातळ झालंय का?" सूनबाई माझ्याकडे बघायला लागली. मी म्हटलं, "भाऊसाहेब, तुमच्या घरी सोलकढीत मैदा घालतात का?" मुलाने कपाळाला हात लावला. गृहस्थ मात्र हसले आणि खाऊ लागले. दुसऱ्यांदा वाढून घेतलं की नाही, ते मी सांगणार नाही. नाहीतर म्हणाल म्हातारी बढाया मारते.

पातेल्यात वाटीभर उरलं होतं. दुसऱ्या दिवशी दुपारी आम्ही सासूसुनांनी ते मंद आचेवर गरम करून दोघींत खाल्लं. मुरल्यावर जास्तच चांगलं लागतं. मुलगा ऑफिसात होता, त्याला सांगितलं नाही.