संरक्षकाची कारकीर्द : मधल्या पायऱ्या कुठे आहेत?

मैदानावर टाळ्या कोणाला मिळतात, याचे एकदा शांतपणे निरीक्षण करावे. फुटबॉलमध्ये त्या गोल करणाऱ्याला मिळतात, क्रिकेटमध्ये षटकार मारणाऱ्याला आणि आपल्या खो-खोत खांबावर सूर मारून गडी टिपणाऱ्याला. ज्याने संघावरचे संकट थोपवून धरले, त्याच्या वाट्याला फार तर 'चांगला खेळला' एवढे शब्द येतात. न झालेला गोल गुणफलकावर दिसत नाही, आणि न झालेल्या गोष्टीचे कौतुक करण्याची आपल्याला सवय नाही.

खो-खोत ही गोष्ट विशेष जाणवते. तीन-तीन संरक्षकांची तुकडी चौकोनात उतरते. समोर आठ जण पाटीवर बसलेले, नववा पाठलागावर. संरक्षकाने साखळी पळायची, हूल द्यायची, खांबाजवळचा धोका ओळखायचा आणि दम टिकवायचा. वर्तमानपत्रातील वृत्तात शेवटी कंसात 'दोन मिनिटे दहा सेकंद' असा आकडा छापून येतो. खो-खो न खेळलेल्या वाचकाला तो आकडा क्षुल्लक वाटेल. पण तेवढ्या वेळात ताज्या दमाचे किती पाठलागी अंगावर येऊन जातात, हे पळणारालाच ठाऊक असते. पारंपरिक नियमांत गडी बाद केल्याचा गुण आक्रमकाला मिळतो, टिकून राहिल्याचा गुण कोणालाच मिळत नाही. अलीकडच्या व्यावसायिक नियमांत ठरावीक वेळेपलीकडे टिकलेल्या तुकडीला 'ड्रीम रन'चे गुण देण्याची सोय झाली. ही सुधारणा मला मोलाची वाटते. पण संरक्षकाला गुण मिळू लागले म्हणून त्याला कारकीर्द मिळाली, असे होत नाही. माझा आजचा विषय हा दुसरा प्रश्न आहे.

कारकीर्द म्हणजे काय, हे समजण्यासाठी आपण थोडे दूर जाऊ. डेन्मार्कच्या सिमोन केअर या फुटबॉलपटूचे नाव आपल्यापैकी थोड्यांनीच ऐकले असेल. १९८९ साली जन्मलेला हा खेळाडू बचाव फळीच्या मध्यभागी खेळे. गोल करणे हे त्याचे काम नव्हते आणि त्याने ते फारसे केलेही नाहीत. त्याची सुरुवात मिट्युलँड या क्लबात झाली. हा क्लब राजधानी कोपनहेगनचा नाही. इकास्ट आणि हर्निंग या दोन लहान गावांचे क्लब १९९९ मध्ये एकत्र आले आणि त्यातून तो जन्मला. तेथून २००८ मध्ये केअर इटलीतील पालेर्मोला गेला, मग जर्मनीत वुल्फ्सबर्गला, एका हंगामासाठी उसना म्हणून रोमाला, पुढे फ्रान्समध्ये लीलला, तुर्कस्तानात फेनरबाचेला, स्पेनमध्ये सेव्हियाला, पुन्हा इटलीत अटलांटाला आणि २०२० च्या जानेवारीत मिलानला. म्हणजे सहा देशांतील नऊ क्लब. मिलानने २०२१-२२ मध्ये इटलीचे विजेतेपद मिळवले, तेव्हा तो त्या संघात होता. मात्र त्याच हंगामात, डिसेंबर २०२१ मध्ये, त्याचा गुडघा जायबंदी झाला आणि उरलेला हंगाम त्याला बाहेर बसावे लागले. तरी त्याचा करार अबाधित राहिला, उपचार झाले आणि २०२२ च्या विश्वचषकात त्याने आपल्या देशाचे नेतृत्व केले. २०२४ मध्ये त्याने मिलान सोडले आणि जानेवारी २०२५ मध्ये निवृत्ती जाहीर केली. देशासाठी तो १३२ सामने खेळला.

जगाला तो खऱ्या अर्थाने कळला १२ जून २०२१ रोजी. कोपनहेगनमध्ये युरोपीय स्पर्धेचा सामना चालू असताना ख्रिश्चन एरिक्सन हा त्याचा सहकारी हृदयक्रिया बंद पडून मैदानात कोसळला. सर्वांत आधी धावले त्यांत कर्णधार केअर होता. खेळाडूंनी एरिक्सनभोवती कडे केले आणि प्रेक्षकांची नजर अडवली. मैदानात आलेल्या एरिक्सनच्या सहचारिणीला केअरने धीर दिला. संरक्षकाचा धर्म म्हणजे काय, हे त्या दिवशी साऱ्या जगाने पाहिले. त्या वर्षी युरोपीय फुटबॉल संघटनेने आपल्या अध्यक्षांचा पुरस्कार केअरला आणि उपचार करणाऱ्या वैद्यकीय पथकाला दिला.

मला या चरित्रात नवल वाटते ते त्यातील पायऱ्यांचे. गावाचा क्लब, मग थोडा मोठा क्लब, मग त्याहून मोठा. प्रत्येक पायरीवर लेखी करार, दरमहा वेतन, दुखापतीत आधार. याहून महत्त्वाची आणखी एक गोष्ट आहे. जागतिक फुटबॉल संघटनेचा असा नियम आहे की, करार चालू असताना खेळाडू एका देशातून दुसऱ्या देशातील क्लबात गेला आणि त्यापोटी रक्कम दिली गेली, तर तिच्यातील पाच टक्के भाग त्याच्या बाराव्या ते तेविसाव्या वर्षापर्यंत त्याला घडवणाऱ्या क्लबांना वाटून द्यायचा. शंभर रुपयांचा व्यवहार झाला तर पाच रुपये मागे, जिथे तो लहानाचा मोठा झाला त्या मैदानाकडे, वळतात. झाड मोठे झाल्यावर ज्याने रोपाला पाणी घातले त्याचीही आठवण ठेवायची, असा हा हिशेब आहे.

आता आपल्या जिल्ह्याकडे वळू. पूर्वीचे उस्मानाबाद आणि आजचे धाराशिव, हा जिल्हा पावसाने नेहमी हुलकावणी दिलेला. २०१८ मध्ये केंद्र सरकारने मागास म्हणून निवडलेल्या 'आकांक्षित' जिल्ह्यांच्या यादीत महाराष्ट्रातले जे चार जिल्हे आले त्यांत आपला एक. दिवाळी सरली की कितीतरी गावे ऊसतोडीला बाहेर पडतात. अशा जिल्ह्यात खो-खो रुजला, यात आश्चर्य नाही. दोन खांब, थोडी फक्की आणि एक माणूस शिट्टी वाजवायला, एवढ्यावर खेळ उभा राहतो. बूट नसले तरी अडत नाही. या जिल्ह्याने राज्याच्या आणि देशाच्या महिला संघांना खेळाडू दिल्या आणि त्यांत सर्वांत मोठे नाव सारिका काळे यांचे.

२०१६ च्या फेब्रुवारीत दक्षिण आशियाई क्रीडास्पर्धेत सुवर्णपदक मिळवणाऱ्या भारतीय महिला खो-खो संघाचे नेतृत्व सारिका काळे यांनी केले. २०२० मध्ये त्यांना अर्जुन पुरस्कार मिळाला. खो-खोतला पहिला अर्जुन पुरस्कार १९७० चा, सुधीर परब यांचा. पुढे १९९८ मध्ये शोभा नारायण यांना तो मिळाल्यावर तब्बल बावीस वर्षे खो-खोच्या वाट्याला हा मान आला नव्हता. तो खंड आपल्या गावच्या मुलीने संपवला. पुरस्काराच्या वेळी त्यांनी वृत्तसंस्थेला सांगितलेली हकिकत आपण सर्वांनी वाचली पाहिजे. घरी सुमारे दहा वर्षे दिवसातून एकदाच जेवण मिळे. शिबिराला किंवा स्पर्धेला गेले तरच खाण्याची नीट सोय होई. २०१६ मध्ये घरच्या आर्थिक ओढाताणीमुळे त्यांनी खेळ सोडायचे ठरवले होते आणि प्रशिक्षक चंद्रजीत जाधव यांनी समजूत घातल्यावर त्या मैदानावर परतल्या. पुरस्कार मिळाला तेव्हा त्या तुळजापूर येथे क्रीडा अधिकारी म्हणून काम करीत होत्या.

मित्रहो, या दोन चरित्रांमध्ये गुणवत्तेचे अंतर नाही. दोघेही आपापल्या देशाचे कर्णधार होते. अंतर आहे ते पायऱ्यांचे. आपल्याकडे पहिली पायरी आहे : शाळेचे मैदान, तळमळीचा शिक्षक, तालुक्याचे मंडळ. शेवटची पायरीही आहे : भारताचा गणवेश आणि राष्ट्रपतींचा पुरस्कार. मधल्या जागी पोकळी आहे, आणि ती एका उडीत ओलांडायची आहे. जी ओलांडते तिचा सत्कार होतो. ज्या ओलांडू शकत नाहीत त्यांची नावेही कोणी लिहून ठेवीत नाही. राज्य शासनाच्या नोकऱ्यांत खेळाडूंसाठी पाच टक्के आरक्षण आहे आणि ते अनेकांना तारून नेते, हे कृतज्ञतेने मान्य केले पाहिजे. पण नोकरी हे खेळाचे फळ आहे, खेळाची कारकीर्द नव्हे. नोकरी लागेपर्यंतच्या आठ-दहा वर्षांत खेळाडूने खायचे काय?

पुरुषांसाठी परिस्थिती थोडी बदलू लागली. २०२२ मध्ये पुण्यात 'अल्टिमेट खो-खो'चा पहिला हंगाम झाला. सहा संघ उतरले आणि ओडिशाच्या संघाने अंतिम सामन्यात तेलुगू संघावर एका गुणाने मात केली. दुसरा हंगाम २०२३-२४ मध्ये कटकला झाला. खो-खोपटूला कराराचे पैसे मिळतात, दूरदर्शन संचावर त्याचे नाव झळकते, हे आपल्या पिढीने प्रथमच पाहिले. पण त्या दोन्ही हंगामांत सर्व संघ पुरुषांचे होते. ज्या खेळात आपल्या जिल्ह्याचे नाव मुलींनी मोठे केले, त्या खेळाचा पैसा मुलींच्या वाटेला आला नाही. जानेवारी २०२५ मध्ये दिल्लीत पहिला खो-खो विश्वचषक झाला. तेवीस देश आले होते. भारताच्या महिलांनी अंतिम सामन्यात नेपाळला ७८-४० असे हरवले. कर्णधार मराठवाड्याची प्रियंका इंगळे होती आणि संघात धाराशिवची अश्विनी शिंदे होती. मिरवणुका निघाल्या, हार पडले. त्या हारांचा आनंद मलाही झाला. पण हार संध्याकाळी सुकतात आणि दुसऱ्या दिवशी पहाटे पुन्हा सरावाला जायचे असते.

काही प्राध्यापक मंडळी येथे आक्षेप घेतील, आणि तो आक्षेप हलका नाही. पैसा आला की खेळातला निर्मळपणा जातो, खेळाडू बाजारातली वस्तू होतो, असे ते म्हणतात. केअरची एका हंगामासाठी 'उसनवारी' झाली, हा शब्दच माणसाला भांड्याकुंड्यांच्या पंक्तीला बसवतो. मोठ्या लीगांचे भांडवलदार मालक गावच्या मैदानाचा विचार करतीलच असे नाही. हे सारे खरे आहे. तरीही माझे म्हणणे असे की, निर्मळपणाची किंमत नेहमी गरिबाच्या मुलीनेच का मोजावी? ज्याच्या घरी दोन वेळची चूल पेटते त्याला हौसेसाठी खेळणे शोभते. ज्या घरात मुलीचे शिक्षण संपण्याआधी लग्नाची बोलणी सुरू होतात, तेथे 'खेळाने चार पैसे मिळतात' हे एक वाक्य तिला आणखी दोन वर्षे मैदानावर ठेवू शकते. वेतन म्हणजे लाचारी नव्हे. वेतन म्हणजे घरच्यांना देता येईल असे उत्तर.

म्हणून तीन गोष्टी व्हाव्यात, असे मला वाटते. पहिली, खो-खोची व्यावसायिक स्पर्धा जेव्हा जेव्हा भरेल तेव्हा मुलींचे संघ तिच्यात असावेत; विश्वविजेत्या मुलींना 'पुढे पाहू' असे सांगण्याचे दिवस संपले. दुसरी, फुटबॉलमधला तो पाच टक्क्यांचा नियम आपल्या देशी खेळांत आणावा. खेळाडूला करार मिळाला की ठरावीक भाग त्याला घडवणाऱ्या शाळेला आणि मंडळाला मिळावा. त्यातून मैदानाची माती, खांब, मुलींच्या येण्याजाण्याचा खर्च आणि सरावानंतरची केळी-शेंगदाणे यांची सोय होईल. हा भाग खेळाडूच्या मानधनातून कापू नये, संघमालकाने वेगळा द्यावा. तिसरी गोष्ट आपल्याच हातातली आहे. विद्यापीठाच्या आणि 'अश्वमेध'च्या स्पर्धांना जाणाऱ्या मुलींची हजेरी, बुडालेल्या चाचण्या, गुडघ्याच्या दुखापतीचा दवाखाना, यांचा विचार प्रत्येक महाविद्यालयाने वर्षाच्या आरंभीच करावा. चषक आला की त्याच्याबरोबर छायाचित्र काढायला सगळे जमतात. चषक येण्यापूर्वीची व्यवस्था जिमखान्याच्या एकट्या शिक्षकावर सोडली जाते.

यांत अशक्य असे काही नाही. १९१४ च्या सुमारास पुण्यातील डेक्कन जिमखान्याने खो-खोचे नियम बांधले, तेव्हा गल्लीतल्या पळापळीला कसले नियम, असे म्हणणारे असतीलच. नियम झाले आणि त्या पळापळीचा खेळ झाला. आता त्या खेळाचा व्यवसाय करताना पुन्हा नियमच लागतील. ते कोणाच्या बाजूचे असावेत, हे आज ठरवायचे आहे. मालकांच्या बाजूने बोलणारे पुष्कळ मिळतील. मैदानाच्या बाजूने कोणी बोलायचे, तर ते आपण, ज्यांच्या वर्गात या मुली शेजारच्या बाकावर बसतात.

संघ अडचणीत असतो तेव्हा आपण संरक्षकाकडे एकच मागणी करतो : टिकून राहा. आपल्या जिल्ह्यातील मुली दुष्काळात, अर्धपोटी, उधारीच्या बुटांवर टिकून राहिल्या आहेत. त्यांनी आपले काम केले आहे. आता मधल्या पायऱ्या बांधण्याचे काम आपले आहे.