नंबर मारून देणाऱ्यांचा बाजार

‘साहेब, आयएमईआय बदलून देतो, मग कुणाचा बाप फोन ट्रेस करू शकत नाही.’ मोबाइल दुरुस्तीच्या काउंटरवर छातीठोकपणे मारली जाणारी ही थाप. शिकलीसवरलेली माणसं तिला भुलतात, याची मला चीड येते.

*#06# दाबून बघा. पंधरा आकडे दिसतील : हाच आयएमईआय, फोनचा ओळख क्रमांक. पहिले आठ मॉडेलचे, पुढचे सहा त्या एका फोनचे, शेवटचा आधीच्या चौदांवरून गणिताने काढलेला पडताळा. टॉवरला फोन हा नंबर कळवतो आणि सिमची ओळख वेगळी कळवतो. मग सिम तुमच्या नावावर, रात्री फोन तुमच्याच घराजवळच्या टॉवरवर, आणि आकडे बदलून तुम्ही गायब कसे होणार? उलट त्याच सिमसमोर नवा आयएमईआय नोंदला जातो. लपायला निघालेला स्वतःच माग सोडतो. बरीच ‘चेंजर’ अ‍ॅप्स तर एवढंही करत नाहीत. खोटा आकडा फक्त इतर अ‍ॅप्सना दिसतो, नेटवर्कला खराच जातो.

दुसरी मखलाशी : ‘फोन माझा, मी काहीही करीन.’ गाडी तुमची म्हणून चेसिस नंबर घासून काढाल? 2017च्या नियमांनीच ही छेडछाड गुन्हा ठरवली. 2023च्या दूरसंचार कायद्याचं कलम 42 तर तीन वर्षांपर्यंत कैद, 50 लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही सांगतं. गुन्हा दखलपात्र, अजामीनपात्र. नंबर बदललाय हे ठाऊक असून तसा फोन बाळगणाराही त्याच कलमात येतो.

मग फायदा कुणाचा? चोराचा! हरवलेला फोन सगळ्या नेटवर्कवर बंद पाडणारी सीईआयआर यंत्रणा 2019 मध्ये महाराष्ट्रातच प्रायोगिक तत्त्वावर सुरू झाली, 2023 मध्ये देशभर गेली. नंबर बदलला की ती आंधळी होते. 2020 मध्ये मेरठ पोलिसांना एकाच आयएमईआयवर चालणारे 13,500हून अधिक फोन आढळले. त्यातला एक चोरीला गेला, तर बंद कुठला करायचा?

म्हणून सेकंडहँड फोनचे पैसे मोजण्याआधी इंग्रजीत केवायएम लिहा, जागा सोडून ते पंधरा आकडे लिहा आणि 14422 वर एसएमएस करा. बिल, खोका, फोन, तिन्ही पडताळा. विकणारा कुरकुरला, तर तिथून निघा. आणि जो दुकानदार नंबर मारून देतो, त्याच्याकडून साधी चार्जिंगची केबलसुद्धा घेऊ नका.