वाळूचा हिशेब, पाण्याचा हिस्सा

नदीसाठी लढणाऱ्या कार्यकर्त्यावर ‘विकासविरोधी’ असा शिक्का मारून मोकळे होण्याची आपल्याकडे रीत आहे. डॉ. भारत पाटणकर यांचे काम या शिक्क्यात बसत नाही. वैद्यकीय शिक्षण घेतलेला, कासेगावच्या स्वातंत्र्यसैनिक घरातला हा माणूस १९८० पासून श्रमिक मुक्ती दलाच्या माध्यमातून दुष्काळी भागात उभा आहे. १९८०च्या दशकात सांगली जिल्ह्यातल्या खानापूर भागात येरळा नदीच्या पात्रातून ठेकेदार ट्रकने वाळू नेत होते. पात्रातली वाळू पावसाचे पाणी धरून ठेवते आणि काठच्या विहिरींना पाझर देते. ती गेली की पूर ओसरल्यावर पात्र कोरडे पडते, विहिरी तळ गाठतात. पाटणकरांचा सहभाग असलेल्या मुक्ती संघर्ष चळवळीने या उपशाला विरोध केला. पण ती तिथेच थांबली नाही. बलवडी आणि तांदुळवाडीच्या लोकांनी स्वतःच थोडी वाळू विकून बळीराजा स्मृती धरणासाठी पैसा उभा केला. अभियंता के. आर. दाते यांनी त्यांना तांत्रिक साथ दिली आणि पाण्यात भूमिहीनांचाही हक्क मानला गेला.

वाळू उपशाला विरोध करणाऱ्यांनीच वाळू विकली, हा दुटप्पीपणा नव्हे का? आक्षेप वरवर बिनतोड वाटतो. मात्र लिलावात पैसा बाहेर जातो आणि खड्डा गावाच्या वाट्याला येतो. इथे किती काढायची आणि पैसा कशाला लावायचा, हे गाव ठरवत होते. उपशाची किंमत नदीला तरीही मोजावी लागतेच, म्हणून उपसा मर्यादेतच हवा. दुसरा आक्षेप असा की, दोन गावांच्या बंधाऱ्याने दुष्काळ हटत नाही. हे खरेच आहे. म्हणून तर चळवळीने पुढे कृष्णेच्या पाण्याच्या समन्यायी वाटपाची मागणी लावून धरली. टेंभू, ताकारीसारख्या उपसा योजनांनी पाणी वर चढते, पण ते कोणाच्या शिवारात जिरेल हे पंप ठरवत नाही. पाणी आले की ऊस लागतो, आणि टोकाच्या गावाला तहान तशीच राहते.

‘ज्याची जमीन त्याचे पाणी’ हा न्याय व्यवहार्य आहे, असे काही जण म्हणतील. पण धरण आणि कालव्याचा खर्च सार्वजनिक तिजोरीतून होतो, आणि त्यात शेतमजुराच्या कराचाही वाटा असतो. तरीही २००५ च्या शेतकऱ्यांकडून सिंचन व्यवस्थापनाच्या कायद्यात पाणी वापर संस्थेचे सभासदत्व लाभक्षेत्रातल्या जमिनीशी बांधलेले आहे. भूमिहीन कुटुंबाला त्यात जागा नाही. हा कायदा बदलावा आणि ग्रामसभेच्या संमतीशिवाय वाळूचा एकही लिलाव होऊ नये. कार्यकर्ते आयुष्यभर जे गावोगाव समजावत फिरतात, ते कायद्यात उतरले नाही, तर प्रत्येक दुष्काळात तेच भांडण नव्याने लढावे लागेल.