गरजवंताची नुकसानभरपाई

केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्रालयाच्या आकडेवारीनुसार २०२२ साली भारतातील रस्त्यांवर १,६८,४९१ माणसे मृत्युमुखी पडली. अशा मृत्यूची वार्ता वर्तमानपत्रात चार ओळींत आटोपते. घरात मात्र तेथूनच दीर्घ आर्थिक विपत्तीस प्रारंभ होतो. वाण्याची उधारी, घरभाडे, मुलांची फी महिनाभरात दाराशी येऊन उभी राहते. कायद्याने मिळावयाची भरपाई त्या गतीने येत नाही. या दोहोंमधील अंतर हाच या प्रश्नाचा खरा गाभा होय.

मृताच्या कुटुंबीयांस दावा लावण्याचा हक्क या देशात १८५५ च्या कायद्याने दिला, पण तो दुसऱ्याच्या दोषावर आधारलेला होता. १९३९ च्या मोटार वाहन कायद्यात १९५६ साली दुरुस्ती होऊन स्वतंत्र न्यायाधिकरणांची तरतूद झाली. तरी चालकाचा निष्काळजीपणा सिद्ध करण्याचा भार दावेदारावरच राहिला. १९७७ साली सर्वोच्च न्यायालयानेही हेच तत्त्व उचलून धरले. म्हणजे अपघातस्थळी नसलेल्या विधवेने तेथे काय घडले ते सिद्ध करावयाचे! हा अन्याय जाणूनच १९८२ साली, दोष कोणाचा हे न पाहता, मृत्यूबद्दल १५,००० रुपये देण्याची तरतूद झाली. १९८८ च्या कायद्याने ही रक्कम २५,००० व १९९४ च्या दुरुस्तीने ५०,००० केली. रक्कम तुटपुंजी होती, परंतु तिचा एक गुण मोलाचा होता. ती केवळ आगाऊ मदत होती. ती घेऊनही दोष सिद्ध करून पूर्ण भरपाई मागण्याचा मार्ग खुला राही. पुढे जास्त रक्कम मंजूर झाली तर तेवढी वजा होई, इतकेच.

२०१९ च्या दुरुस्तीने ही व्यवस्था काढून टाकली. एप्रिल २०२२ पासून कलम १६४ अन्वये, दोष सिद्ध न करता, मृत्यूबद्दल ५ लाख रुपये मिळतात. पन्नास हजारांच्या जागी पाच लाख हे औदार्य वाटेल. परंतु ही रक्कम विमा कंपनीशी तडजोड करून स्वीकारली की न्यायाधिकरणापुढील दावा संपुष्टात येतो. पूर्वी जी पहिली पायरी होती, ती आता शेवटची झाली आहे.

याचा अर्थ आकड्यांतच पाहावा. महिना १२,००० रुपये मिळविणारा, स्वतःचा लहानसा धंदा करणारा ३२ वर्षांचा माणूस ट्रकखाली सापडून मेला; मागे पत्नी, दोन मुले व आई असे समजू. सर्वोच्च न्यायालयाने २००९ व २०१७ च्या निर्णयांत घालून दिलेल्या पद्धतीने हिशेब असा होतो: वार्षिक उत्पन्न १,४४,०००; भावी वाढीबद्दल ४० टक्के धरून २,०१,६००; मृताच्या स्वतःच्या खर्चापोटी एक चतुर्थांश वजा जाता १,५१,२००; त्यास वयानुसार १६ ने गुणले असता २४,१९,२००. दोष सिद्ध झाल्यास या कुटुंबाचा न्याय्य हक्क चोवीस लाखांवर जातो. तडजोडीत हाती पडतात पाच लाख, म्हणजे जेमतेम पाचवा हिस्सा.

शहाणी स्त्री पाच लाख नाकारून दावा लढवील, असे कोणी म्हणेल. परंतु गरजवंताला अक्कल नसते, ही म्हण अकलेविषयी नसून गरजेविषयी आहे. कंपनीला थांबणे परवडते, विधवेला नाही. एका पक्षाला वेळ फुकट आणि दुसऱ्याला तो सावकारी व्याजाने विकत घ्यावा लागतो, तेथे झालेला सौदा खुषीचा म्हणता येत नाही. भरीस भर म्हणून १९९४ साली रद्द केलेली सहा महिन्यांची मुदत याच दुरुस्तीने पुन्हा घातली. ज्या घरात नुकतेच सुतक फिटले, तेथे कायद्याचे घड्याळ चालू झाले!

विम्याचे हप्ते मर्यादेत राहावेत, कज्जे लवकर मिटावेत, हा युक्तिवाद अगदीच पोकळ नाही. पण विम्याचे प्रयोजनच मुळी एकाची आपत्ती अनेकांत वाटून घेणे हे आहे. ती पुन्हा त्याच घरावर टाकून हप्ते स्वस्त ठेवणे ही काटकसर नव्हे.

उपाय फार दूरचा नाही. पाच लाखांची रक्कम तत्काळ द्यावी, पण ती अंतिम भरपाईचा पहिला हप्ता मानावी. ती महागाईशी जोडावी. कारण १९९४ चे पन्नास हजार २०२२ पर्यंत पन्नास हजारच राहिले होते, आणि आजच्या पाच लाखांनाही आपोआप वाढण्याची सोय त्या कलमात नाही. अंत्यसंस्कारादी ठरीव रकमा दर तीन वर्षांनी दहा टक्क्यांनी वाढवाव्यात, असे न्यायालयाने २०१७ सालीच सांगितले. जे न्यायालयाला सुचले ते संसदेला अशक्य नाही. आणि सहा महिन्यांची अट काढून टाकावी. निष्काळजीपणाची किंमत निष्काळजी माणसाने व त्याच्या विमा कंपनीने द्यावी, एवढेच साधे तत्त्व यात आहे. आज तिचा मोठा भाग ती विधवाच भरते आहे.